धूळ बसेपर्यंत

माझ्या बापाला एक वाक्य पक्कं यायचं :
"तिकडं गेले ते."
उजवा हात कोपरात जरासा वाकवून, बोट ताठ,
नजर मात्र नायकाच्या घोड्याच्या मानेवर.
नायकाच्या डोळ्यांत बघायचं नाही,
असं पहिल्याच दिवशी त्याला कुणीतरी बजावलं होतं.

सत्तेचाळीस चित्रपट.
कधी तारबाबू, कधी न्हावी, कधी बँकेतला थरथरता कारकून,
तीनदा शवपेट्या करणारा सुतार.
सुताराची मोजपट्टी घरचीच,
आईच्या शिवणाच्या डब्यातली.
दारुडा म्हातारा हवा असला
की कवळी काढून खिशात टाकायचा;
त्याचे पाच डॉलर जादा.
आई म्हणायची, एल्डन प्रूइट,
तुझ्या दातांपेक्षा बोळक्याचीच कमाई मोठी.

नामावलीत तो असलाच तर तळाशी,
तोंडी लावण्यापुरता.
एकदा तर प्रूइटचा प्रूट झाला.
म्हणाला, ओळखणारे ओळखतील.

कुणी ओळखलं नाही.
बेकर्सफील्डच्या पेट्रोलपंपावर एका बाईनं
बराच वेळ टक लावून विचारलं,
तुम्ही आमच्या चर्चमध्ये ऑर्गन वाजवायचात ना?
तो हो म्हणाला.
वर तिच्या बहिणीची खुशालीही विचारली.

घोड्याच्या केसांनी त्याला शिंका यायच्या.
हे स्टुडिओत कुणाला ठाऊक नव्हतं.
मी नऊ वर्षांची असताना विचारलं,
ते सगळे तिकडं निघून गेले की मग तू काय करतोस?
कपडेपटातले बूट नेहमी एक माप लहान,
म्हणून तो घमेल्यात पाय सोडून बसला होता.
"थांबतो," म्हणाला. "धूळ बसेपर्यंत.
आधी शिंकलो तर टापांचा आवाज नासतो."

पुढे घोडे गेले, कामं आटली.
हार्डवेअरच्या दुकानात तो गल्ल्यापाशी उभा राहू लागला.
दोन इंची खिळे कुठे? हात वर.
बिजागऱ्या? हात वर.
माणसं मुकाट त्या दिशेनं चालू लागायची.
निम्मे रिकाम्या हातांनी परत यायचे,
पण बोट दाखवलं तेव्हा शंका कुणी घेतली नाही.

तो मार्चमध्ये गेला, दुपारी, झोपेत.
शववाहिनीवरचा पोरगा नवखा.
फाट्यावर थांबून, काच खाली करून त्यानं मला विचारलं,
दफनभूमी कुठल्या अंगाला?
माझा हात आपोआप उठला.
कोपरात जरासा वाकलेला.

ती दिशा साफ चुकीची होती.
चार मैलांवर एका बदामाच्या बागेत रस्ता संपला.
झाडं पांढरीफेक फुललेली,
आणि आमच्या अकरा गाड्या
त्या अरुंद कच्च्या वाटेवर
एकेक करून उलट्या वळवायच्या.
कुणाचं चाक चरात गेलं, कुणी शिव्या घातल्या,
आई पदराशी चाळा करावा तशी
हातमोज्याचं बटण लावत-काढत
एकाएकी हसायला लागली.

मी उतरून बाजूला उभी राहिले.
लोट उठला होता. बापाची गाडी
त्यातून आधी निघून गेली.

नाकात हुळहुळत होतं.
मी थांबले.