दिव्याला सर्दी

भिंतींना कान असतात हे जुनं झालं,
आता दिवे ऐकतात, ओग्न्यान म्हणतो.
प्लोवदिवच्या त्या चौथ्या मजल्यावर
बायकोशी तो नळ सोडूनच बोलायचा.
बायको गेली. नळ अजून चालू.

शेवटी वायरमन आला.
दिव्यात सापडला एक वाळका पतंग.
"किती पगार देत असतील याला?"
ओग्न्यान कुजबुजला.
वायरमन हसला,
मग का कोण जाणे
बिलाचा आकडा न बोलता
कागदावर लिहून दाखवला.

त्या रात्री ओग्न्यान शिंकला.
दिवा म्हणाला, "जपा हो."

तेव्हापासून त्याला गाढ झोप लागते.
थंडीत दिव्याला
स्वतःचा मफलर गुंडाळतो.

मी खाली राहते.
काल जळका वास आला,
आणि वरून खोकला.
दोघांचा.