चार्ज देताना

कपाटाच्या तीन किल्ल्या, त्यातली एक वाकलेली.
गोल शिक्का. आवक-जावक रजिस्टरं एकोणीस.
आणि हा लिफाफा.
बोरसे, याची नोंद वेगळी घ्या.
आत एका बाईचे गुण आहेत,
ते अजून तिनेही पाहिलेले नाहीत.

हर्षाली झिपरू बडगुजर.
दुसरं वर्ष करून सुरतेला गेली,
कुठल्याशा मार्केटात साड्यांच्या घड्या घालायची म्हणे.
सहा वर्षांनी अमळनेरला परत आली
जुन्या गुणपत्रिका प्लास्टिकच्या पिशवीत घेऊन.
पुनर्प्रवेश झाला. फी मीच घेतली.
पावतीवर सही माझीच.

मार्चात तिचा परीक्षेचा फॉर्म आला
तेव्हा परिपत्रक काढून पाहिलं.
पहिल्या वर्षाचे एटीकेटीचे दोन पेपर बाकी,
तो अभ्यासक्रम केव्हाच बंद,
आणि पुनर्प्रवेशिताला नवा नियम.
कोपऱ्यात लाल शाईने लिहिलं:
नियमात बसत नाही.
इतकी वर्षं लिहितोय, हात आपोआप वळतो.

जाळीपलीकडून ती म्हणाली,
‘नाना, फी लिधी तवय नही दिखनं का तुमले?’
मग परिपत्रकावरची तारीख वाचून,
‘तुम्हना नियम तं मन्हा पोरपेक्षा धाकला शे.’
रांगेतली पोरं हसली.
मी पुढचा फॉर्म घेतला.

शिक्षणात खंड पडला
की खंड पडल्याचं प्रतिज्ञापत्र लागतं, स्टॅम्पपेपरवर.
ते घेऊन ती खंडपीठात गेली.
पहाटेची एसटी, चाळीसगाव, कन्नडचा घाट.
मूळ फाईल सांभाळत मलाही जावं लागलं तीनदा,
त्याच गाडीत, दोन बाकं मागे.
घाटात गाडी बंद पडली त्या दिवशी
तिने डबा उघडून कळण्याची भाकर पुढे केली.
मी प्रतिवादी क्रमांक तीनचा माणूस.
अर्धी घेतली.
ठेचा असा, की डोळ्यांतून पाणी.

तिचे वकील ‘प्रवेश’ या शब्दावर बोलले,
विद्यापीठाचे ‘पुनर्’वर.
एकाचं म्हणणं, बाई तीच, दार तेच, नोंदणी क्रमांकसुद्धा तोच.
दुसऱ्याचं, गेलेला माणूस परत येतो
तो नव्या घरात येतो, नव्या घराच्या रीतीने.
न्यायमूर्तींनी माझा शेरा दोनदा वाचला, मोठ्याने.
माझं अक्षर एवढं किरटं आहे
हे मला तिथे कळलं.
आदेश झाला:
तूर्त परीक्षेला बसू द्या.
निकाल सीलबंद ठेवा,
याचिकेचा निकाल लागेपर्यंत.

बसली.
हॉलतिकीट मीच हाताने लिहून दिलं,
वर ‘तात्पुरते’, निळ्या शाईत.
तेव्हापासून हे दोन निकाल
एकमेकांची वाट बघतायत.
कधी बोर्डावर केस येत नाही,
कधी विद्यापीठाचे वकील मुदत मागतात,
मध्ये नियमही पुन्हा बदलला, तिच्या केसशी त्याचा संबंध नाही म्हणे.

दर तारखेनंतर ती येते.
लिफाफा मागत नाही.
एकदाच विचारलं, ‘जड शे का हलका?’
मी तिच्या हातात दिला.
द्यायला नको होता. दिला.
तिने तळव्यावर तोलला,
जशी घडीची साडी तोलतात दुकानात,
आणि परत केला.
‘एकच कागद शे, नाना.’

खोटं कशाला बोलू,
एका संध्याकाळी ऑफिस रिकामं झाल्यावर
मीही धरला होता ट्यूबलाइटपुढे.
या लिफाफ्यांना आतून निळी नक्षी असते.
काही दिसत नाही.

पुढची तारीख चौदा जुलै.
सोळा-सतराला ती येईल.
खिडकीवर उभी ठेवू नका, आत बोलवा,
बसा म्हणा.

खणात एक लाल पेन आहे,
ते यादीत नको.
सही कुठे करायची?