कूलर बंद

मे महिन्यात आमच्या इंदोऱ्याच्या घरात एकच आवाज:
पत्र्याचा कूलर.
बाबांनी जुळवलेला, मोटर एकाची, पंखा दुसऱ्याचा,
ताट्यांमधला वाळा तेवढा नवा.
त्याच्यापुढे टीव्हीही हरायचा.

आणि दुपारी दोनला सुगत म्हणायचा,
"ताई, चार मिनिटं. कूलर बंद कर नं वं."

चार मिनिटं म्हणजे चाळीस.
गादी भिंतीला उभी, खिडकीवर आईची चादर,
माइकला माझा जुना मोजा,
आणि हा उघडाबंब, गळ्यापासून बेंबीपर्यंत घाम,
शब्द मात्र कोरडे, खटाखट,
फरशीवर बोरं ओतावी तसे.
मी बटणापाशी उभी. माझं काम तेवढंच.
बाबा ओल्या दुपट्ट्याखालून विचारायचे,
"झालं का त्याचं भाषण?"

नाव ठेवलं: सेहेचाळीस.
मी म्हटलं, मार्क का बे?
"तापमान," म्हणाला. "मार्क कमी होते."

पहिला कार्यक्रम जरीपटक्यात, मोबाइलच्या दुकानाचं उद्घाटन.
मालक म्हणाला, हिंदीत म्हण, थोडं नाचून दाखव.
हा म्हणाला, "काऊन?"
आणि त्या एका "काऊन"वर सात मिनिटं बोलत राहिला,
पानठेल्यावरची माणसं रस्ता ओलांडून आली.
मानधन: स्क्रीनवर लावायची एक काच.
ती बसेल असा फोन आमच्या घरात कधीच आला नाही.

मग अंधेरीहून करार. एकोणीस पानं.
मी महापालिकेत, मालमत्ता कर विभागात,
बारीक अक्षरांवरच माझा पगार निघतो.
कलम अकरा: आवाज, नाव, आणि त्यातून जे जे निपजेल ते,
संपूर्ण विश्वात, कायमचं.
मी म्हटलं, सुगत, चंद्रावर गेलास
तरी तुझंच गाणं तुला यांना विचारून म्हणावं लागेल.
तो हसला नाही.
आकडा मोठा होता. नेमका बाबांच्या गुडघ्याएवढा.
रात्रभर गच्चीवर बसला,
कोराडीच्या चिमण्यांचे लाल दिवे मोजत.

सकाळी बाबा चहा बशीत ओतता ओतता म्हणाले,
"मी तीस वर्षं कूलर दुरुस्त केले.
पाटीवर नाव मालकाचं होतं.
गुडघा काय, दुखतोच."

गांधीबागेतून दोनशे टी-शर्ट उधारीवर उचलले.
छापून आले तेव्हा "ळी"ची "ळि" झालेली.
मला रडू आलं. त्यानं भाव पन्नासनं वाढवला,
म्हणाला, अशी चूक पुन्हा होणार नाही, म्हणून महाग.
अकरा दिवसांत संपले.

माझ्या वहीत सगळं आहे:
लाखभर लोकांनी ऐकलं, त्या महिन्याचं किराणाबिल अर्धं सुटलं.
पुण्याचा आयोजक, येणे बाकी, फोन बंद.
त्यापुढे आठ महिने एकच रकाना: डिलिव्हरी.
धरमपेठेत एकदा सावजीचा डबा घेऊन गेला,
दार उघडलं त्या पोराच्या अंगात
"ळि"वाला टी-शर्ट.
पोरगा म्हणाला, "भाऊ, किती उशीर."
यानं हेल्मेट काढलं नाही. "सॉरी," म्हणाला.
हे मला वर्षभरानं सांगितलं, तेही जीएसटी भरताना.

आता पाचपावलीत मसाल्याच्या चक्कीवर त्याची खोली आहे.
चक्की थांबली की रात्री नऊनंतर टेक.
तासाला अडीचशे, ओळखीच्याला तीनशे,
कारण ओळखीचे उशिरा येतात.
कामठीची पौर्णिमा ताकसांडे येते, नर्सिंगच्या ड्युटीवरून थेट,
शिंकत शिंकत, नाकात मिरची,
आणि माइकसमोर उभी राहिली
की खालची मांजरंसुद्धा जिना चढून येतात.
तिच्या करारात दीड पान. मीच लिहिलं.
विश्व खोडून फक्त तारीख टाकली.

एसी घेतलाय. टेकला तोही बंद करतात.

त्याच्या पहिल्या गाण्यात एका जागी
शब्द थांबतात आणि मागे टप टप ऐकू येतं.
मुंबईचा एक जण म्हणाला, फुकटात साफ करून देतो.
सुगत नको म्हणाला.
बाबांना बाकीचं गाणं समजत नाही, तेवढंच पुन्हा लावायला सांगतात,
कान पुढे करून ऐकतात.
"पंप गळत होता," म्हणतात.
"तेव्हाच सांगायचं होतं मले."