भरतीचं वेळापत्रक

मॉर्पेथच्या इस्पितळातून निघाले तेव्हा
डिकीत ऑडिओमीटर, मागच्या सीटवर गमबूट.
सेंट ईब्बाच्या मठात सहा म्हातारे उरलेत,
त्यातल्या एकाचे कान तपासायचे. कागदावर एवढंच होतं.

मठ वाळूच्या पलीकडे. समुद्र दिवसातून दोनदा रस्ता गिळतो.
अलीकडे खेकडे विकणारा डंकन रॉब्सन म्हणाला,
वेळापत्रकावर जाऊ नका बाई, छापणारे गाढव आहेत.
दहा-अकरा मिनिटं जास्तच मिळतात इथे.
आमच्या आजोबांनाही मिळायची.

मिळतात.
जशी काही वाटेवर पडलेली असतात.

ब्रदर ऑस्विन, वय एक्क्याऐंशी,
हातांना मेणाचा वास, कानांत केसांची झुडपं.
हेडफोन चढवले, बटण दिलं मुठीत:
आवाज आला की दाबायचं, कितीही बारीक असो.
उजव्या कानाचे तांबडे गोल, डाव्याच्या निळ्या फुल्या.
माझी बावीस वर्षं अशीच गेली, गोल काढत, फुल्या मारत.

त्यांनी दाबलं.
मी अजून काही वाजवलंच नव्हतं.

पुन्हा. हजार हर्ट्झ, चार हजार,
मग क्रम मोडून, मग मुद्दाम थांबून, कॉफीचा घोट घेऊन.
दर वेळी आधी दिवा लागला, मग माझं बोट हललं.
‘तू उशिरा वाजवतेस,’ ते म्हणाले.
तक्रार नव्हती. आमटीत मीठ कमी आहे म्हणावं तसं.

संध्याकाळी मला मागच्या बाकावर बसू दिलं.
घंटा नाही, ऑर्गन नाही, पोथी नाही.
सहा जण भिंतीकडे तोंड करून उभे राहिले
आणि खर्ज लावला.
ऐकू आला असं नाही म्हणता येणार.
दातांच्या मुळाशी लागला, बाकाच्या लाकडात लागला.

मिरजेला बाबा तंबोऱ्याची जवारी काढायचे.
तारेखाली सुताचा धागा, केसभर इकडे, केसभर तिकडे,
आणि एकाएकी तार उघडायची,
एका छेडण्यातला सूर सरायलाच तयार नसायचा.
मी गणवेशात, दारात. शाळेची घंटा होऊन गेलेली.
थांब, बाबा म्हणायचे, अजून संपला नाही.

तसा.
खिडकीबाहेर एक लाट फुटायच्या बेतात उभी होती.
उभीच होती.
तिच्या अलीकडे, ओल्या वाळूवरून,
एक बाई बाबागाडी ढकलत घाईने चालली होती.
तिचं घड्याळ चालू होतं.

‘थांबवत नाही आम्ही,’ ऑस्विन नंतर म्हणाले,
‘समुद्राला जरा बोलण्यात गुंतवतो.’
आणि ती मिनिटं? ती येतात कुठून?
‘आमच्यातूनच. प्रत्येकी दोनेक.
टर्स्टनचं एखादं कमी भरतं.’
ब्रदर टर्स्टन सूप ढवळत होते. ‘ऑक्टोबरात सरकार
अख्खा तास परत देतं म्हणे. विचारा त्यांना,
तासाला श्वास किती लागतात.’

फॉर्मवर एकही गोल नाही, एकही फुली नाही.
शेरा: रुग्ण सहकार्य करतो.
पुढच्या तपासणीची तारीख विचारली.
‘झाली की ती,’ ते म्हणाले. ‘चहा गार होता.’

फेब्रुवारीत डंकनचा फोन आला.
माझा नंबर त्याच्याकडे कानातल्या यंत्राच्या बॅटरीसाठी.
व्हॅन अर्धी पाण्यात गेलेली, त्याला टपावरून उतरवलेलं,
भिजलेला, शिव्या देत.
‘आज वेळापत्रक बरोबर निघालं बाई.
मिनिटाला मिनिट. उभ्या जन्मात पहिल्यांदा.’

म्हणजे त्या संध्याकाळी
उरलेल्या पाचांना सूर लावता आला नसणार.

काचेपलीकडे सहा वर्षांची मुलगी, हेडफोन मानेवर घसरणारे,
मुठीत बटण, डोळे माझ्याकडे.
मी काही वाजवलं नव्हतं.
बराच वेळ नाही वाजवलं.