संदर्भ अपुरे

औलूला समुद्र गोठलाय.
रायली दवाखान्यातून येते,
दातांचे साचे धुऊन भेगाळलेल्या हातांना मलम लावते
आणि विश्वकोशाच्या दारात बसते,
कुठल्या सॉफ्टवेअरला पान द्यायचं, कुठल्याला नाही.

आधीचं सोपं होतं.
झोप मोजणारं ॲप, एकतीस बातम्या,
एकतीसच्या एकतीस एकाच तोंडच्या.
उडवलं. वर कॉफी घेतली.

हे मात्र जुनं.
रेनडिअरच्या कानांवरचे काप नोंदवून
पाडस ज्याचं त्याला देणारं.
इनारीच्या एकानं लिहिलं, चौऱ्याण्णव साली,
हिवाळाभर, चुलीशेजारी.
चाळीस घरांनी वापरलं.
पुरावा?
रोवानिएमीच्या पेपरात सहा ओळी,
त्यातल्या पाच वादळावर.

चांगलं की वाईट, हा प्रश्नच नाही.
कुणा तिऱ्हाइतानं दखल घेतली का, एवढंच.
आणि तिऱ्हाईत एवढ्या बर्फातून
कानांचे काप बघायला
कशाला जातोय?

आस्लाक नावाच्या कुणाचा निरोप आहे:
बाबांचं आहे. राहू द्या.
ती लिहिते, मुलगा हा संदर्भ होत नाही.
खोडते.
लिहिते, क्षमस्व.
तेही खोडते.

साडेअकराला 'वगळावा' लिहून सही करते.
नियम तिनंच, सहा वर्षांपूर्वी,
भांडून भांडून कडक करून घेतलेला.

दिवा मालवते. पुन्हा लावते.
आस्लाकला विचारते, निकालाशी काही संबंध नाही,
सहज म्हणून:
अजून चालतं का ते?

उत्तर पहाटे येतं.
चालतं.
पण पासवर्ड आईलाच ठाऊक,
आणि ती सांगत नाही.