लेफ्ट हाफ

पहिल्यांदा नाव लिहिलं तेव्हा चुकलंच माझं.
श्रावंती, असं लिहिलं.
ती टेबलाशी आली, बारा वर्षांची,
एका पायात निळा बूट, एका पायात पांढरा.
‘काका, स लिवा की. स्रवंती. स्रवंती मेरगू.’
मी खोडलं नाही, वर बारीक स काढला.
मिलच्या टाइम ऑफिसात सव्वीस वर्षं हजेरी मांडली,
तिथे खाडाखोड म्हणजे खुलासा द्या.
मिल बंद पडली. हात राहिला.
तो आता गुण लिहितो, रविवारी, सकाळी साडेसहाला,
ऊन टेबलावर यायच्या आत.

त्या वर्षी सामने चार, गोल शून्य.
लेफ्ट हाफ पोरीला गोल कशाला?
समोरचीच्या काठीखालून चेंडू काढायचा,
आपलीच्या काठीवर ठेवायचा
आणि परत आपल्या जागी.
ह्याला वहीत रकाना नाही.

आमचं मैदान मुरमाचं.
चेंडू कुठे उसळेल ते खडा ठरवतो.
गुडघा फुटला की आई सुपातली तंबाखू चिमूटभर दाबायची
आणि मान खाली घालून पुढची विडी वळायची.
हजार झाल्याशिवाय ती कुणाकडे बघत नाही.
‘जिंकलं का?’ असं तेलुगूत विचारायची, विडीलाच.

सोळाव्या वर्षी राज्याच्या संघात.
परत आली, मैदानावर चवड्यांवर बसली, खडे निवडत.
‘काका, तिथं टर्फ. चेंडू खोटं बोलत न्हाई.’
बरं की मग.
‘बरं कुठलं? सगळ्यांनाच कळतंय, कुठं जाणार ते.’

पेपरात आलं: श्रीवंती मेरगु.
प्रमाणपत्रावर: स्रावंती.
नोकरीच्या चाचणीचं पत्र आलं त्यावर श्रवण मेरगू, पुरुष.
ते घेऊन ती रात्रीच्या गाडीने गेली.
फाटकावरच्या माणसाने पत्र बघितलं, तिला बघितलं, पत्र बघितलं.
आत सोडेपर्यंत साडेअकरा.
शेवटची दहा मिनिटं मिळाली, उजव्या बाजूला.
उजव्या बाजूला!
मी हे वहीत लिहिलं नाही. सामना आपला नव्हता.

तीन महिने आली नाही.
टॉवेलच्या कारखान्यात चेकिंगला लागली होती,
सुटलेला धागा बोटाला कळतो तिच्या.
मग एका रविवारी आली.
काठीच्या मुठीला टॉवेलची काठ गुंडाळलेली, लाल.
काही बोलली नाही. मीही संघाच्या यादीत
सहाव्या ओळीवर नाव लिहिलं, स ने.

त्या दिवशी गर्दी बरी होती.
अर्धी साखर पेठ भिंतीवर.
तिच्याकडे चेंडू आला आणि
कोट्टु! कोट्टु!
पलीकडून होडी!
टेबलामागून माझा नातू, हाण की गं!
तीन भाषांत गाव एकच गोष्ट सांगत होतं.
तिने हाणला नाही.
थांबली. बघितलं.
धोटा जसा ताण्यातून सरकतो, आवाज नंतर येतो,
तसा चेंडू तिघींच्या मधून गेला
आणि यल्लूबाई म्हेत्रेच्या काठीवर जाऊन बसला.
गोल यल्लूबाईचा. तसाच लिहिला.

परवा एक पोरगा आला, पेपरवाला.
‘मेरगूंच्या कारकिर्दीची आकडेवारी द्या.’
बावीस वर्षांच्या पोरीची कसली कारकीर्द, म्हटलं, चालू आहे अजून.
तरी दिली. सामने एकशे सतरा, गोल तीन.
‘तीनच?’
पेन थांबलं त्याचं.

तो गेल्यावर मी पट्टी घेतली,
जुन्या वह्या काढल्या आणि प्रत्येक पानाच्या उजव्या कडेला
एक रेघ ओढली उभी.
आठवेल तेवढ्या खुणा केल्या. काही चुकल्या असतील.
डोळ्यांनी दोनदा पाणी काढलं, मोतीबिंदू आहे.

रविवारी तिने वही उलटी करून बघितली.
‘हे काय काका? वर नाव न्हाई रकान्याला.’
हजेरी, म्हटलं.
हसली.
मग शिट्टी झाली, आणि ती डावीकडे गेली.