चौथ्या मिनिटाला

नोवी सादमध्ये शनिवारी रात्री रेडिओवर
गेम वाजायचा.
गाणं नव्हे, गेम. किर्र, चिर्र,
पत्र्यावर कुणी खिळा ओढत बसावा तसा.
आधी निवेदक अदबीनं सांगायचा,
टेप तयार ठेवा. तीन, दोन, एक.

आमच्याकडे जोडायला वायर नव्हती.
नेबोयशा स्टुलावर रेडिओ ठेवी,
पुढ्यात टेपरेकॉर्डर, त्याचा बोटभर माइक,
आणि शेजारी श्वास कोंडून मी.
"नाक ओढलंस तर बघ," तो म्हणे.
डॅन्यूबवरून बार्जचा भोंगा आला
की पांढराफटक पडे.

आता ब्राउझरच्या एका टॅबमध्ये सगळंच आहे.
करडा डेस्कटॉप, त्यावर वाळूचं घड्याळ,
कशाचीच वाट पाहायची नाही तरी
सवयीनं उलटणारं.
खाणीतला तो उंदीर क्लिकसरशी हजर,
आठ रंगांत, शेपूट हलवत.
दोन पायऱ्या खेळले आणि बंद केला.
वेळेआधी आलेल्या पाहुण्याशी
काय बोलावं सुचत नाही, तसं झालं.

नेबोयशाला कळवलं. महिन्याभरानं मालमोहून पाकीट आलं,
आत रबरबँड लावलेली कॅसेट, चिठ्ठीत एवढंच:
ही कधीच लोड झाली नाही.
बघ तुझ्या त्या खिडकीत चालते का.

वायर आता आहे, चारशे दिनारांची.
टेपची फाइल केली, टॅबमध्ये सोडली.
कडेच्या निळ्या-पिवळ्या पट्ट्या थरथरू लागल्या
आणि मी पुन्हा श्वास कोंडला,
उगीच, एकटीच असून.

चौथ्या मिनिटाला पट्ट्या थिजल्या.
टेप वाचता येत नाही.
परत लावली. तिथंच.
मग फाइल नुसती ऐकली, गेम म्हणून नाही.
किर्र, चिर्र, किर्र, आणि तीन मिनिटं बेचाळीसला
स्वयंपाकघराचं दार,
आई:
"मुलांनो, पासुल्य गार होतंय!"
मागोमाग नेबोयशा, अगदी दबक्या आवाजात,
"गेलं."

दोन दिवस बोलला नव्हता तिच्याशी.
तिला शेवटपर्यंत कळलं नाही, तिनं काय मोडलं.

ऑफिसातला स्त्राहिन्या मदतीला तत्पर.
म्हणाला, मधला तेवढा गोंगाट कापतो,
बाकीचं जुळवून घेता येईल, चालेल मग.
मी म्हटलं, राहू दे.

मालमोला लिहिलं:
नाही चालत.
पण हेडफोन लावून ऐक, चौथं मिनिट.
आणि जेवून घे आधी.